पाण्याचा हिशेब आणि राज्याचा कारभार : विश्वेश्वरय्या समजून घेताना

दर वर्षी १५ सप्टेंबरला अभियंता दिन साजरा होतो. म्हैसुरी पेटा घातलेल्या सर मोक्षगुंडम विश्वेश्वरय्यांच्या फोटोला हार घातला जातो आणि भाषणांत त्यांचा वक्तशीरपणा, साधी राहणी आणि दीर्घायुष्य यांच्या गोष्टी सांगितल्या जातात. या गोष्टींतून माणूस मोठा होता एवढं कळतं, पण त्याने नेमकं केलं काय हे कळत नाही. पाटबंधाऱ्याचा एक अभियंता बँक का काढतो? लोखंडाचा कारखाना का चालवतो? एका संस्थानाचा सहा वर्षं कारभार कशाच्या बळावर पाहतो?

माझ्या मते विश्वेश्वरय्यांनी व्यवसाय बदललाच नाही. जे येतं ते आधी मोजायचं, जास्तीचं साठवायचं आणि कोणाला किती मिळणार हे आगाऊ ठरवून टाकायचं, हेच काम ते आयुष्यभर करत राहिले. सुरुवातीला हे पाण्याचं झालं, नंतर पैशांचं आणि उद्योगांचं. आणि ते शिकले आपल्याकडे, पुणे, नाशिक, धुळे आणि नीरेच्या काठावर. त्यामुळे मराठी वाचकाने त्यांच्याकडे जरा जवळून पाहायला हवं.

त्यांचा जन्म १८६१चा, म्हैसूर संस्थानातल्या मुद्देनहळ्ळी गावचा. वडील लवकर गेले. शिकवण्या करत त्यांनी बंगळूरच्या सेंट्रल कॉलेजातून बी.ए. केलं. म्हैसूर सरकारची शिष्यवृत्ती मिळाल्यावर ते पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे ज्या अभियांत्रिकी महाविद्यालयाला आपण आज सीओईपी म्हणतो तिथे आले. १८८३ साली स्थापत्याची परीक्षा पहिल्या क्रमांकाने पास झाले आणि पुढच्याच वर्षी मुंबई इलाख्याच्या सार्वजनिक बांधकाम खात्यात सहायक अभियंता म्हणून लागले. पुढची चोवीस वर्षं ते या खात्यात होते.

या वर्षांतलं सर्वांत प्रसिद्ध काम खडकवासल्याचं. पुण्याला पाणी देणारं हे धरण १८७०च्या दशकात बांधलेलं, तलावाला तेव्हा लेक फाइफ म्हणत. शहर आणि छावणी वाढत गेली, कालव्याची मागणी वाढली आणि पाणी पुरेना. सरळ उपाय म्हणजे धरणाची उंची वाढवायची. पण तो खर्चीक होता, शिवाय जुन्या भिंतीवर नवा भार टाकायचा म्हणजे धोका.

इथे सांडवा म्हणजे काय हे नीट समजून घ्यायला हवं. धरणाच्या भिंतीचा एक भाग मुद्दाम कमी उंचीचा ठेवलेला असतो. तलाव भरला की जादा पाणी त्यावरून निघून जातं. पुराच्या वेळी पाणी सांडव्याच्या माथ्यावर आणखी काही फूट चढतं आणि पूर ओसरला की पुन्हा माथ्यापर्यंत उतरतं. याचा अर्थ असा की, त्या काही फूट जादा पाण्याचा दाब धरणाची मुख्य भिंत दर पावसाळ्यात सोसतच होती. फक्त ते पाणी तिथे थांबत नव्हतं. ते पावसाळ्यानंतरही अडवून ठेवता आलं तर भिंतीला हात न लावता साठा वाढणार होता. आणि वरचे फूट खालच्या फुटांपेक्षा फार मोलाचे असतात. तलाव वर रुंद होत जातो, त्यामुळे तळाच्या आठ फुटांत मावेल त्याच्या कितीतरी पट पाणी माथ्याच्या आठ फुटांत मावतं.

अडचण पुराची होती. सांडव्यावर दारं बसवली आणि पुराच्या वेळी ती उघडली नाहीत, तर पाणी भिंतीवरून वाहणार. रात्री-अपरात्री, भर पावसात दारं उघडायला माणूस वेळेवर पोहोचेलच याची खात्री कोण देणार? विश्वेश्वरय्यांनी ती जबाबदारी पाण्यावरच टाकली. दारांना वजनांचा तोल दिला होता. तलावातलं पाणी ठरलेल्या पातळीच्या वर गेलं की त्यातलं थोडं एका कुंडात शिरायचं, तोल बिघडायचा आणि दारं आपोआप उचलली जायची. पाणी उतरलं की कुंड रिकामं व्हायचं आणि दारं पुन्हा बसायची. १९०३ साली ही दारं बसली आणि तलावाची पातळी सुमारे आठ फुटांनी वाढली. या रचनेचं पेटंट त्यांच्या नावावर होतं. पण सरकारी नोकरीत असताना सरकारी धरणासाठी केलेल्या कामाचं मानधन त्यांनी घेतलं नाही.

(१२ जुलै १९६१ला पानशेत फुटलं आणि त्या लोंढ्यापुढे खडकवासलाही टिकलं नाही. त्याचा दोष या दारांना देता येत नाही, कारण वरचं अख्खं धरण अंगावर येईल असा हिशेब कोणत्याच सांडव्याचा नसतो. तेव्हा विश्वेश्वरय्या हयात होते, शंभरीला दोन महिने कमी.)

दारांचं कौतुक सगळे करतात. मला मात्र त्यांचं त्याच्या आधीचं, १८९९च्या सुमाराचं काम जास्त मोठं वाटतं. त्यात यंत्र नाही, लोखंड नाही, फक्त नियम आहेत. त्याला ब्लॉक पद्धत म्हणतात.

नीरेच्या कालव्यासारखे दख्खनचे कालवे मुळात दुष्काळावर उपाय म्हणून काढलेले. पण त्यांचा व्यवहार विचित्र होऊन बसला होता. पाऊस बरा झाला तर ज्वारी-बाजरीवाला शेतकरी कालव्याचं पाणी घेत नसे, कारण पाणीपट्टी भरावी लागे. पाऊस ओढ देऊ लागला की सगळे एकाच वेळी मागत आणि तेव्हा कालव्यात तेवढं पाणी नसे. वर्षभर नेमाने पाणी घेणारा एकच, तो म्हणजे उसवाला. ऊस बारा ते अठरा महिने जमिनीत उभा असतो आणि त्याला सगळ्या ऋतूंत पाणी लागतं. मग कालव्याच्या वरच्या अंगाच्या काही गावांत ऊस दाटला, पाट सतत वाहते राहिले, जमिनी चिबड, म्हणजे पाणथळ होऊ लागल्या आणि मलेरिया वाढला. टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटच्या टोकाच्या गावांना मात्र कालवा कागदावरच दिसत होता.

विश्वेश्वरय्यांची मांडणी अशी होती : पाणी थोड्या गावांत खोल मुरवण्यापेक्षा ते जास्त गावांत वाटा. प्रत्येक गावात कालव्याखाली येणाऱ्या जमिनीचे ठरावीक गट, म्हणजे ब्लॉक पाडा. ब्लॉकमधल्या साधारण एक तृतीयांश जमिनीत ऊस किंवा तसं बागायती पीक, बाकीच्या दोन तृतीयांशात कमी पाण्याची हंगामी पिकं, आणि दर वर्षी उसाची जागा बदलायची. तीन वर्षांत फेरा पूर्ण. शेतकऱ्याला काही वर्षांच्या पाण्याची हमी द्यायची आणि पाणीपट्टी आधीच ठरवायची. सरकारलाही उत्पन्नाचा अंदाज येतो आणि पाणी सोडणाऱ्या पाटकऱ्याच्या मर्जीवर काही उरत नाही.

पांझरा आणि मोसम खोऱ्यातली फड पद्धत ज्यांना माहीत आहे त्यांना यात ओळखीचं काहीतरी दिसेल. तिथे शेतकरी स्वतःच बंधाऱ्याखालच्या जमिनीचे फड पाडत, एका फडात एकच पीक घेत आणि फड आळीपाळीने बदलत. विश्वेश्वरय्यांनी नोकरीची सुरुवातीची वर्षं खानदेशात काढली होती. फड पद्धतीवरूनच त्यांना ब्लॉक सुचला असं मी म्हणणार नाही, पण दोन्हींमागचा विचार एकाच घरचा आहे.

लोकांना हे लगेच पटलं नाही. ज्यांच्या उसाला हवं तेवढं पाणी मिळत होतं त्यांना वाटा ठरवून घेणं म्हणजे नुकसान वाटलं, आणि सरकार आपल्या शेतात कोणतं पीक घ्यायचं हे सांगणार याचा सात्त्विक संतापही होताच. १९०१ ते १९०३ या काळातल्या सिंचन आयोगाने मात्र या पद्धतीची वाखाणणी केली आणि दख्खनच्या कालव्यांवर ती रुजली. आज नीरेच्या किंवा प्रवरेच्या काठावर उभं राहिलं तर तो एक तृतीयांशाचा नियम कुठे गेला हा प्रश्न पडतोच. पण २००५ साली महाराष्ट्राने शेतकऱ्यांच्या पाणीवापर संस्थांचा कायदा केला आणि पाणी मोजून, हक्काच्या कोट्याने द्यायचं ठरवलं, तेव्हा प्रश्न तोच होता आणि उत्तराची दिशाही तीच.

१९०८ साली त्यांनी मुंबई इलाख्याची नोकरी सोडली. खात्यातलं सर्वोच्च पद भारतीय माणसाला मिळणार नाही हे त्यांना दिसत होतं. त्याच वर्षी सप्टेंबरअखेर हैदराबादेत मुसी नदीला महापूर आला, हजारो माणसं गेली. निजामाने बोलावलं म्हणून ते गेले आणि नेहमीप्रमाणे आधी मोजायला बसले. वरच्या पाणलोटात दोनशेहून जास्त लहान तलाव एकापाठोपाठ फुटले आणि त्यांचं पाणी शहरावर आलं, हे त्यांनी मांडलं. शहराच्या वरच्या अंगाला पूर थोपवणारे दोन मोठे जलाशय बांधा, हा त्यांचा सल्ला. उस्मानसागर १९२० साली आणि हिमायतसागर १९२७ साली तयार झाला.

पण खरी कसोटी म्हैसुरात लागली. नोव्हेंबर १९०९मध्ये ते संस्थानाचे मुख्य अभियंता झाले आणि कावेरीवर कन्नंबाडीला मोठं धरण बांधायचा प्रस्ताव त्यांनी पुढे केला. हेच कृष्णराजसागर. त्याच्या बांधकामाबद्दल पुष्कळ बोललं जातं. सिमेंटऐवजी चुना आणि भाजक्या विटांच्या भुकटीची सुर्खी वापरली, भिंत अडीच किलोमीटरहून लांब आहे, खडकवासल्यासारखी स्वयंचलित दारं तिथेही आहेत. मला त्यातला आर्थिक भाग जास्त शिकवतो.

धरणाचा खर्च काही कोटींत जाणार होता. संस्थानाच्या तिजोरीच्या मानाने ही रक्कम प्रचंड होती आणि अर्थखातं तयार नव्हतं. कालव्यांतून शेती भिजून पाणीपट्टी येईपर्यंत कित्येक वर्षं जाणार. तोवर व्याज कोण भरणार? विश्वेश्वरय्यांनी उत्तर धरणाच्या खालच्या अंगाला शोधलं. शिवनसमुद्रच्या धबधब्यावर १९०२ सालापासून वीज तयार होत होती आणि ती कोलारच्या सोन्याच्या खाणींना विकली जात होती. उन्हाळ्यात कावेरी आटली की वीज कमी पडायची. वर धरण झालं तर वर्षभर सारखं पाणी सोडता येईल, वीज पक्की होईल, आणि खाणी जास्त वीज घ्यायला तयारच होत्या. म्हणजे शेतीचं उत्पन्न सुरू होण्याआधी विजेचं सुरू होणार. धरणाचा खर्च एका नव्हे, दोन गिऱ्हाइकांवर बसवता आला. महाराज कृष्णराज वाडियार चौथे यांनी १९११ साली मंजुरी दिली.

वाटेत मद्रास इलाखा आडवा आला. कावेरीचं पाणी खाली तंजावरच्या भातशेतीला जातं, वर अडवलं तर आमचं काय, हा त्यांचा प्रश्न रास्त होता. परवानगी मिळाली ती कमी उंचीच्या पहिल्या टप्प्याची. म्हैसूरने पाया मात्र पूर्ण उंचीच्या धरणाचा घातला. हे धाडस होतं आणि शेजाऱ्याच्या दृष्टीने कुरघोडीही होती. वाद १९२४च्या करारापर्यंत चालला आणि कावेरीचं भांडण आपण आजही पाहतो. बुडीत क्षेत्रातली गावंही उठली. धरणाची गोष्ट सांगताना हे वगळून चालणार नाही.

नोव्हेंबर १९१२मध्ये महाराजांनी त्यांना दिवाण केलं. दिवाण म्हणजे संस्थानाचा पंतप्रधानच. अभियंत्याला दिवाण करणं तेव्हा नवलाचं होतं. हे पद सहसा महसूल किंवा न्यायखात्यातल्या माणसाकडे जाई. पद घेण्यापूर्वी त्यांनी नातेवाइकांना बोलावून सांगितलं की, कोणी नोकरी किंवा सवलत मागायला यायचं नाही, हे कबूल असेल तरच मी पद घेतो.

आता बँकेकडे येऊ. १९१३ साली बँक ऑफ म्हैसूर निघाली. त्यामागचा विचार एका धरणाच्या उदाहरणाने चटकन कळतो : सुगीनंतर गावोगावी थोडा थोडा पैसा येतो, दागिन्यांत आणि सावकाराकडे मुरतो आणि व्यापाऱ्याला, कारखानदाराला गरज असते तेव्हा हाती लागत नाही, बँक हा त्या पैशाचा जलाशय. उद्योग उभे करायचे तर आधी हा साठा हवा, हे त्यांनी पहिल्याच वर्षी ओळखलं. ती बँक पुढे स्टेट बँक ऑफ म्हैसूर झाली आणि २०१७ साली स्टेट बँकेत विलीन झाली.

त्याच्या जोडीला माहिती गोळा करणारी यंत्रणा होती. १९११ साली, ते मुख्य अभियंता असतानाच, म्हैसूर आर्थिक परिषद सुरू झाली होती. शेती, उद्योग, शिक्षण अशा विषयांवर सरकारी अधिकारी, व्यापारी आणि जाणकार एकत्र बसत, आकडे मांडत, योजना सुचवत. त्यातून शेतीशाळा, व्यापारी मंडळ, कन्नड साहित्य परिषद, सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा कायदा आणि १९१६ साली म्हैसूर विद्यापीठ अशी कामांची रांग लागली. संस्थानी मुलखातलं ते पहिलं विद्यापीठ. पुढच्याच वर्षी बंगळूरला अभियांत्रिकी महाविद्यालय निघालं. सहा वर्षांत राज्यातल्या शाळांची संख्या दुपटीहून अधिक झाली.

चंदनाची गोष्ट त्यांच्या पद्धतीचा चांगला नमुना आहे. म्हैसूरचं चंदन जर्मनीला जाई आणि तेल तिथे निघे. १९१४ला महायुद्ध पेटलं, गिऱ्हाईक शत्रू झालं आणि लाकूड गोदामात पडून राहिलं. दुसरं गिऱ्हाईक शोधण्याऐवजी म्हैसूरने तेल स्वतःच काढायचं ठरवलं. बंगळूर आणि म्हैसूरला कारखाने निघाले, त्या तेलातून साबण आला. म्हैसूर सँडल साबण आजही कर्नाटक सरकारची कंपनी बनवते. कच्चा माल विकणाऱ्याच्या हाती किमतीचा अगदी लहान वाटा लागतो, हे सांगायला त्यांना लांबलचक भाषण करावं लागलं नाही.

भद्रावतीचा लोखंड कारखाना मात्र इतका सरळ गेला नाही. बाबाबुडन डोंगरात उत्तम लोहखनिज होतं, पण दगडी कोळसा नव्हता. म्हणून जंगलातल्या लाकडाच्या कोळशावर भट्टी चालवायची आणि कोळसा करताना निघणारा लाकडी अल्कोहोल, डांबर असा जोडमाल विकायचा, अशी योजना झाली. काम सुरू झालं तेव्हा लोखंडाचे भाव चढलेले होते. १९२३ साली भट्टी पेटली तोवर युद्ध संपून भाव कोसळले होते. तोटा होऊ लागला, टीका झाली. तेव्हा दिवाणपद सोडून चार वर्षं झालेले विश्वेश्वरय्या कारखान्याच्या मंडळाचे अध्यक्ष म्हणून परत आले आणि १९२९पर्यंत तिथे राहिले. परदेशी तज्ज्ञांच्या जागी भारतीय माणसं तयार केली, खर्च आवळला, कारखाना मार्गावर आणला. या कामाचं मानधन त्यांनी तंत्रशिक्षणाच्या संस्थेसाठी वापरायला सांगितलं. जंगलाने या लोखंडाची किती किंमत मोजली हा हिशेब तेव्हा कोणीच मांडला नव्हता, त्यांनीही नाही.

मुंबईशी त्यांचं नातं पुन्हा जुळलं ते या काळात. १९२७ ते १९५५ इतकी वर्षं ते टाटा स्टीलच्या संचालक मंडळावर होते. भारतात मोटारी बनाव्यात म्हणून १९३०च्या दशकात त्यांनी मुंबईसाठी कारखान्याची योजना तयार केली आणि वालचंद हिराचंद त्यात उतरले. इंग्रज सरकारने साथ दिली नाही, तरी वालचंदांनी पिच्छा सोडला नाही आणि त्यातूनच प्रीमियर ऑटोमोबाइल्स उभी राहिली. १९४१ साली लहान-मोठ्या कारखानदारांची अखिल भारतीय संघटना मुंबईत स्थापन झाली, तिचे पहिले अध्यक्ष विश्वेश्वरय्या होते. त्याआधी १९३४ साली त्यांनी देशासाठी दहा वर्षांच्या आर्थिक नियोजनाचा आराखडा पुस्तकरूपाने मांडला होता. नियोजन आयोग यायला अजून सोळा वर्षं होती. गांधीजींशी त्यांचं या बाबतीत जमलं नाही. गांधीजींचा भर खेड्यावर आणि हातांच्या कामावर, यांचा यंत्रावर आणि मोठ्या भांडवलावर. दोघांनीही आपलं मत लपवलं नाही आणि परस्परांचा आदरही सोडला नाही.

एक गोष्ट मात्र मला या माणसाबद्दल खटकत राहते, आणि तिच्यामुळेच त्यांचं दिवाणपद संपलं. म्हैसूरच्या सरकारी नोकऱ्यांत ब्राह्मणांचं प्रमाण फार होतं. बाकीच्या समाजांनी वाटा मागितला तेव्हा महाराजांनी १९१८ साली न्यायमूर्ती मिलर यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. विश्वेश्वरय्यांना हे पटलं नाही. मागासांसाठी शाळा काढा, शिष्यवृत्त्या द्या, पण नेमणूक गुणवत्तेवरच व्हावी, हे त्यांचं ठाम मत होतं. ते पदावरून दूर झाले. या भूमिकेत स्वार्थ नव्हता, हे मान्य. स्वतः शिकवण्या करून वर आलेल्या माणसाला परीक्षेवर विश्वास वाटणारच.

पण नीरा कालव्यावर याच माणसाने सांगितलं होतं की, पाणी मोकळं सोडलं तर ते वरच्या अंगाच्या गावांतच संपतं, म्हणून टेलच्या गावाचा वाटा आधी ठरवून ठेवा. शिक्षण आणि नोकऱ्याही वरच्याच अंगाला अडत होत्या, हे त्यांना का दिसलं नसेल? त्याच काळात, म्हैसूरच्या सीमेपासून फार दूर नसलेल्या कोल्हापुरात शाहू महाराजांनी २६ जुलै १९०२ रोजी सरकारी नोकऱ्यांतल्या निम्म्या जागा मागासवर्गीयांसाठी राखून ठेवल्या होत्या, आणि राधानगरीला भोगावतीवर धरणाचं कामही त्यांनीच सुरू केलं. मिलर समितीच्या शिफारशी म्हैसूरने पुढे स्वीकारल्या. तोवर विश्वेश्वरय्या कारभारातून बाहेर पडले होते.